कौतिकचं टीव्हीतलं मरण

जीवरामभाऊंनी ताट बाजूला सरकवलं आणि डोळ्यांना उपरणं लावलं, तेव्हा त्यांच्या बायकोला, पुष्पाबाईंना वाटलं, भरीत तिखट झालं.

"काय झालं हो? रडता काहून?"

"कौतिक मेला," भाऊ हुंदक्यात बोलून गेले.

आता खरी गोष्ट अशी, की त्यांचा धाकटा भाऊ कौतिक मेला होता तो टीव्हीत. जळगावात राहून तो ऐतिहासिक माहितीपटांत कामं करायचा. कधी मावळा, कधी मोगल. मरण मात्र दर खेपेला ठरलेलं. केळीचा मळा सोडून धाकटा सोंगं करतो, म्हणून जीवरामभाऊंनी भर पारावर शपथ घेतली होती, "त्याचं थोबाड टीव्हीवर पाहनार नही!" कौतिक दर वेळी निरोप धाडायचा, "भाऊ, एकदा तरी पाहा." भाऊ ढिम्म. आणि आज रविवारी सकाळी हेच भाऊ गावातल्या शेतकरी सोसायटीच्या कचेरीमागे, खिडकीशी चोरासारखे उभे राहून तिथल्या टीव्हीवर सगळं पाहून आले होते. छातीत बाण लागून कौतिक तडफडला, तेव्हा ह्यांनी खिडकीचे गज घट्ट धरले.

"टीव्हीत मेला" म्हणावं, तर शपथ मोडल्याची कबुली. भाऊ शब्द जुळवू लागले. तेवढ्यात पुष्पाबाईंनी असा हंबरडा फोडला, की अख्खी गल्ली ओट्यावर जमली. शेजारच्या छगनने आपल्या मेटाडोरमधले केळीचे घड उतरवले आणि माणसं चढवली.

"छगन, बातमी खोटीबी असंन रे," भाऊ वाटेत पुटपुटले.

"भाऊ, जीव घट्ट करा. सख्ख्या भावाचं मन असंच असते."

भुसावळ येईपर्यंत भाऊंनी कितीदा तरी तोंड उघडलं. दर वेळी कोणीतरी पाठीवरून हात फिरवायचं आणि ते मिटायचं. काय करणार! खोटं एकदा गाडीत बसलं, की मधल्या स्टँडवर उतरत नाही.

जळगावात कौतिक दारात बसून दाढी करत होता. वहिनी ऊर बडवत धावत आलेल्या पाहून त्यालाही रडू फुटलं.

"वहिनी, कोन गेलं?"

"तुम्हीच गेले हो भाऊजी!"

मग छगन कमरेवर हात ठेवून म्हणाला, "केळी उनात टाकून आलो मी. ही बातमी आनली कोनं?"

सगळ्यांच्या माना भाऊंकडे वळल्या. भाऊ मेटाडोरच्या चाकाकडे पाहत होते.

"मी पाह्यलं," ते म्हणाले. "सोसायटीच्या खिडकीतून. बाण लागला त्याले. मले नही पाहवलं."

लोक हसायचे ते हसलेच. पुष्पाबाईंनी तर पदर तोंडात कोंबला. कौतिक मात्र हसला नाही. अर्ध्या गालावर साबण, तसाच तो पुढे आला. इतकी वर्षं तो गडोगडी मरत आला होता, तो भाऊंचं 'मी पाह्यलं' हे एक वाक्य ऐकायला.

"भाऊ, काम कसं वाटलं माहं?"

भाऊंनी हाताने त्याच्या गालावरचा साबण पुसला.

"काम चांगलं झालं. पन त्या शूटिंगवाल्या साहेबाले सांग, पुढच्या खेपेले माह्या भावाले थोडं जास्त जगू दे."