आप्पांच्या मेसेजचं रसग्रहण

डॉ. नागवेकरांनी फळ्यावर कविता लिहायला घेतली आणि तिसऱ्या रांगेतला अभय जाधव एकदम पुढे सरकून बसला. पहिली ओळ होती, ‘मदर फाइन’. ही ओळ त्याने आजवर कुठल्याही कवितेत वाचली नव्हती. वडिलांच्या मेसेजमध्ये मात्र दर रविवारी वाचत आला होता.

“असेल योगायोग,” त्याने मनाशी म्हटलं. नागवेकरांनी दुसरी ओळ लिहिली, ‘वेल वॉटर लो’. मग ‘डॉग एक्सपायर्ड’. मग ‘चेअर एम्प्टी’. शेवटी ‘नॉट अर्जंट’ लिहून त्यांनी खडू खाली ठेवला, हात झटकले आणि डोळे मिटून क्षणभर उभे राहिले. आई बरी, विहिरीला पाणी कमी, कुत्रा गेला, खुर्ची रिकामी, घाई नाही. अभयचे वडील, म्हणजे पूर्णगडचे आप्पा, यांनी मागच्या रविवारी पाठवलेला मेसेज जसाच्या तसा फळ्यावर अवतरला होता आणि जिल्हाभरातून आलेले इंग्रजीचे शिक्षक तो वहीत उतरवून घेत होते.

आप्पांची सगळी नोकरी मुंबईच्या तारऑफिसात गेली. तिथे शब्दाला पैसे पडत, त्यामुळे गिऱ्हाइकाने ‘कृपया’ लिहिलं की आप्पा ते खोडून टाकत आणि सांगत, “बाई, तारेत कृपा परवडत नाही.” तारा बंद झाल्या, आप्पा गावी आले, हातात मोबाइल आला. पण सवय सुटली नाही. मुलांना मेसेज लिहायचा तो इंग्रजीत आणि जेवढ्यास तेवढा. अभय त्याला दर वेळी अंगठ्याचं चित्र पाठवी. अंगठा पाठवला की वडिलांबद्दलचं कर्तव्य झालं, असं हल्ली पुष्कळ मुलांना वाटतं.

घोटाळा झाला तो सकाळी. नागवेकर पुण्याचे. इंग्रजी कविता कशी वाचावी, कशी समजून घ्यावी आणि तिच्यावर टीका कशी करावी, यावर त्यांची तीन जाडजूड पुस्तकं आहेत. ती प्रत्येक कॉलेजच्या ग्रंथालयात असतात आणि प्रत्येक ठिकाणी कोरी करकरीत असतात. कार्यशाळेसाठी त्यांनी अट घातली होती की आयोजकाने एक अपरिचित, छोटी, आधुनिक कविता कवीचं नाव न सांगता पाठवावी. आयोजक होता अभय. त्याने एक कविता निवडून ठेवली होती. तिच्यात एक म्हातारा नावाड्याला विचारतो, पलीकडे पोचायला किती वेळ लागेल. त्याच वेळी आप्पांचा मेसेज त्याला मुंबईला बहिणीकडे, दीक्षाकडे धाडायचा होता. तिने घरी फोन केला की आपल्याला करावा लागत नाही, असा त्यातला हिशेब. चहा पिता पिता, एका हाताने खुर्च्या मांडून घेत, त्याने दोन्ही कामं उरकली. आप्पा नागवेकरांकडे गेले आणि नावाडी दीक्षाकडे.

आता उभं राहून सांगावं तर समोर पहिल्या रांगेत प्राचार्या शेट्ये मॅडम बसल्या होत्या. अभय बरीच वर्षं तासावर शिकवत होता. त्याला पूर्णवेळ करण्याचा प्रस्ताव मॅडमच्या टेबलावर सहीसाठी पडून होता आणि कार्यशाळा नीट पार पडली की बघू, असं त्या म्हणाल्या होत्या. साधी एक कविता ज्याला धड पाठवता येत नाही, त्याला त्या काय पूर्णवेळ करणार? अभय गप्प बसला. गप्प बसणं हा त्याच्या नोकरीचा मोठा भागच होता.

“कवी कोण, ते मला विचारू नका,” नागवेकर म्हणाले. “मलाही सांगितलेलं नाही. पण वाचताक्षणी कळतं, हा आवाज आपल्याकडचा नाही. पूर्व युरोप. युद्धानंतरची पिढी.”

सावर्ड्याहून आलेल्या एका गुरुजींनी हात वर केला. “सर, मदर म्हणजे मातृभूमी का?”

“उत्तम. आणि विहिरीचं पाणी?”

“आटलेली संस्कृती,” मागून कोणीतरी म्हणालं.

“आणि कुत्रा?”

कुत्र्यावर मतभेद झाले. कोणी म्हणे निष्ठा, कोणी म्हणे गुलामी. गुहागरच्या एक बाई म्हणाल्या की कुत्रा म्हणजे कुत्राच असावा, तर सगळे त्यांच्याकडे दयेने बघायला लागले. अभय खाली मान घालून बसला होता. तो कुत्रा त्याच्या ओळखीचा होता. अभय घरी गेला की तो त्याच्या चपला पळवून केळीच्या बुंध्यात नेऊन ठेवायचा. तो गेल्याचं वाचून आपण अंगठा पाठवला, हे त्याला आत्ता आठवलं.

“आता शांतपणे ऐका,” नागवेकरांचा आवाज खाली आला. युरोप वगैरे बाजूला ठेवून माणूस खरंच वाचायला लागला होता. “पहिलीच ओळ, आई बरी आहे. कोणी विचारलं होतं? न विचारता जो ‘बरं आहे’ म्हणून सांगतो, त्याच्या घरात काहीतरी बरं नसतं. मग आई, विहीर, कुत्रा, खुर्ची, सगळ्यांची खबर आहे. एकाची नाही. कोणाची?”

सगळे फळ्याकडे बघू लागले. नागवेकरांनीच उत्तर दिलं.

“लिहिणाऱ्याची. तो स्वतःबद्दल अवाक्षर काढत नाही. फक्त म्हणतो, खुर्ची रिकामी. त्या खुर्चीत कोण बसत होतं, ते वाचणाऱ्याला ठाऊक आहे.”

वाचणाऱ्याला ठाऊक होतं. पूर्णगडच्या घराच्या पडवीत एकच खुर्ची होती, हातांची, लाकडी. तिच्यात आप्पांशिवाय कोणी बसत नसे. ती रिकामी म्हणजे आप्पा कुठे?  एवढ्यात अभयच्या खिशातला फोन थरथरला. दीक्षा होती. तो वाकून, माफी मागत, सभागृहाबाहेर आला.

“अभय, आप्पांचं काहीतरी बिनसलंय,” दीक्षाचा आवाज रडका होता. “नावाड्याला विचारतायत, पलीकडे जायला किती वेळ लागेल. एवढं लांबलचक इंग्लिश त्यांनी जन्मात लिहिलं नाय. मला तर वाचूनच कसंतरी झालं.”

“अगं, ते आप्पांचं नाही. ती कविता आहे. चुकून तुला आली.”

“मग आप्पांचा मेसेज कुठाय?”

“फळ्यावर,” अभय म्हणाला आणि थोडक्यात सगळं सांगितलं.

दीक्षाने सगळं ऐकून घेतलं. “ते असू दे. मी मगाचपासून घरी फोन लावतेय. वाजतोय, कोण उचलत नाय. शेजारच्या यमुनाबाईंना केला, त्यांचा बंद.”

“असतील इकडे तिकडे.”

“दोघंही? भर दुपारच्याला? तू जवळ आहेस ना रे, तू कधी गेला होतास शेवटचा?”

अभयला आठवेना. गणपतीच्या सुट्टीत जायचं होतं, तेव्हा पेपर तपासायचे होते. नाताळात जायचं होतं, तेव्हाही पेपर तपासायचे होते. रत्नागिरीहून पूर्णगड ते काय, पावस ओलांडलं की आलंच. म्हणूनच जाणं राहून गेलं होतं. लांबच्या माणसाला निदान रजा तरी टाकावी लागते.

तो परत आत आला तेव्हा नागवेकर शेवटच्या ओळीवर होते. “घाई नाही, म्हणतो. सांगा बरं, ज्याला खरंच घाई नसते, तो तसं लिहितो का?”

आणि इथे अभय जाधवला आयुष्यात पहिल्यांदा एक कविता समजली. तारऑफिसात ‘कृपया’ खोडणारा माणूस फुकट शब्द लिहील कशाला? एक शब्द कमी करण्यासाठी ज्याने लोकांशी भांडणं केली, त्याने ‘नॉट अर्जंट’ असे दोन शब्द मुद्दाम खर्च केले होते. अभय उभा राहिला. 

“सर, ही कविता नाही. माझ्या वडिलांचा मेसेज आहे. माझ्याकडून चुकून तुम्हाला गेला. घरी फोन कोणी उचलत नाहीये. मी निघतो.”

 नागवेकरांचा चेहरा पांढरा पडला होता. शेट्ये मॅडमनी चष्मा काढला. त्या चष्मा काढतात तेव्हा कोणाचं तरी काम अडतं, हे कॉलेजात शिपायापासून सगळ्यांना माहीत होतं. पण अभय दाराबाहेर पडला होता.

पावसपर्यंत रस्त्यात आंब्याचे टेम्पो आडवे येत होते. मोटारसायकल दामटताना त्याला लहानपणीच्या गोष्टी आठवत होत्या. वाडीत तार आली की बाया लिफाफा फोडायच्या आधीच गळा काढत. तार म्हणजे कोणीतरी गेलं, हे ठरलेलंच. एकदा कोणाच्या तरी मुलाच्या नोकरीची तार आली तर रडणं थांबवायला अख्खी दुपार लागली होती. आणि आपल्याला दर रविवारी तार येत होती, तिला आपण अंगठे पाठवत होतो.

घराच्या दाराला कडी होती. अंगणात चिटपाखरू नव्हतं. पडवीत आप्पांची लाकडी खुर्ची होती आणि खरंच रिकामी होती. तिच्या शेजारी एक दुसरी खुर्ची होती, काळी, चाकांची, ऑफिसात असते तसली फिरती, पाठीवरचं प्लॅस्टिकही न काढलेली. शेणाने सारवलेल्या जमिनीत तिची चाकं रुतली होती आणि सीटवर मांजर झोपलं होतं. आत कुठेतरी आप्पांचा फोन वाजत होता. दीक्षाच असणार. अभयने दोनदा “आप्पा” म्हणून हाक मारली. ओ आली नाही, तेव्हा तो तिथेच पायरीवर बसला.

“कोण तां? अभय काय?” मागून आवाज आला. जाईबाई, त्याची आई, पिशवी घेऊन उभी होती. तिच्या मागून आप्पा येत होते, ताठ, हातात छत्री. “असा कसा आयलास रे अवचित? तोंड का उतरलांय? जेवलास काय?”

“कुठे होतात तुम्ही?” अभय जवळजवळ ओरडला.

“बंदरावर. होडी लागली, बांगडे आले,” आप्पा म्हणाले.

“फोन का नेला नाहीत?”

“बांगडे आणायला फोन कशाला?”

 अभयने आप्पांचा हात धरला आणि बराच वेळ सोडला नाही. आप्पांना ते अवघड झालं. त्यांनी छत्री या हातातून त्या हातात घेतली, खाकरले, पण हात काढून घेतला नाही.

“आप्पा, खुर्ची रिकामी म्हणजे काय लिहिलंत तुम्ही?”

“खुर्ची रिकामी म्हणजे खुर्ची रिकामी.” आप्पांनी छत्रीने फिरत्या खुर्चीकडे दाखवलं. “मागे आलास तेव्हा खाली बसून पेपर तपासलेस नि कंबर धरून गेलास. म्हणून रत्नागिरीहून मागवली. आलास की बसशील, इथेच पेपर तपासशील. आता त्या मांजराची झाली ती.”

“मग ये असं सरळ लिहायचं.”

“सरळच लिहिलं होतं,” आप्पा म्हणाले. “कुत्रा गेला म्हणून कळवलं तर तू अंगठा दाखवलास. आणखी किती सरळ लिहू?”

अभयने मान खाली घातली. मांजर उठलं, खुर्चीवर एक गिरकी घेतली आणि पुन्हा झोपलं. मग अभयने दीक्षाला फोन करून सगळं ठीक असल्याचं सांगितलं. ती रडली आणि मग आईला विचारू लागली की बांगडे केवढ्याला मिळाले.

तेवढ्यात शेट्ये मॅडमचा फोन आला. अभय उभा राहून बोलायला लागला.

“जाधव, वडील कसे आहेत?”

“बरे आहेत मॅडम. मासे आणायला गेले होते. मॅडम, आजच्या प्रकाराबद्दल मी…”

“तुम्ही मला आधी विश्वासात घ्यायला हवं होतं,” मॅडम म्हणाल्या. “तुम्ही गेल्यावर नागवेकर सरांनी खुलासा केला. त्यांना पहिल्यापासून माहीत होतं म्हणे. साधा मेसेजसुद्धा कवितेसारखा वाचला तर काय काय दिसतं, हे दाखवायचा प्रयोग होता. तुमचं ते धावत जाणं फारच नैसर्गिक वाटलं. गुहागरच्या बाई तर रडल्या. लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या.”

“प्रयोग?” अभय म्हणाला.

“उत्तम कल्पना. तुमच्या कागदावर मी सही केली आहे. आणि हो, सर विचारतायत, त्या पाच ओळी पुस्तकाच्या नव्या आवृत्तीत छापायला वडिलांची परवानगी मिळेल का?”

अभयने फोनवर हात ठेवून आप्पांना विचारलं. आप्पांनी थोडा विचार केला.

“छापू दे. पण ‘मदर फाइन’ काढायला सांग. ती ओळ तुझ्या आईने घालायला लावली. आई बरी नसती तर मी तेवढंच कळवलं असतं, बाकीचं कशाला?”

मॅडमना होकार कळवून अभयने फोन ठेवला. नोकरी राहिली होती, आप्पा समोर उभे होते. त्याने मांजराला उचलून खाली ठेवलं आणि खुर्चीत बसला. चाकं रुतलेली खुर्ची जराही सरकली नाही.

“ते पुण्याचे सर करतात काय नेमकं?” आप्पांनी विचारलं.

“समीक्षा. कविता समजून घ्यायची कशी, ते सांगतात.”

“म्हणजे काय करायचं?”

“लिहिलेलं असतं ते नीट वाचायचं. जे लिहिलं नाही, तेही वाचायचं. घाई करायची नाही.”

“आणि तू पोरांना तेच शिकवतोस?”

“हो.”

आप्पा आपल्या लाकडी खुर्चीत टेकले. “मग इतकी वर्षं तुला पैसे कशाचे देतात?”

 आतून तव्यावर बांगडे पडल्याचा आवाज आला आणि जाईबाईंनी दोघांनाही हातपाय धुऊन घ्यायला सांगितलं.