शीर्षक नसलेली यादी

'आतली कळ' या मालिकेच्या दुसऱ्या सीझनमध्ये काय होणार, हे हेमांगीला आधीच ठाऊक होतं. कॉलेजात रसायनशास्त्र शिकवणारी बाई ती! "पहिले दहा भाग म्हणजे निरीक्षणं. त्यांवरून निष्कर्ष निघतोच," असं तिनं स्टाफरूममध्ये जाहीर केलं आणि शुक्रवारी अंदाज लेखी आणायचं कबूलही केलं.

नागावला तिच्या घरच्या नारळीच्या वाडीत पर्यटक पाहुणे उतरत. तिथला सगळा कारभार फ्रिजवरच्या कागदावर चाले. सकाळी हेमांगी कामं लिहून चुंबकाखाली लावी. सासूबाई नीराबाई आणि नवरा हर्षद ती मुकाट पार पाडत.

शुक्रवारी स्टाफरूममध्ये तिनं पर्समधून घडीचा कागद काढला, घसा साफ केला.

"ऐका! सुरमई, बारा तुकड्या. सोलकढी, दोन तांबे."

"यात वेदना कुठे आहे?" किशोरी मॅडमनी विचारलं. "सुरमईची का?"

गुलाबी फिनॉल्फ्थॅलीनमध्ये आम्ल पडावं तसा हेमांगीचा चेहरा क्षणात बिनरंगी झाला. मग फ्रिजवर काय लागलंय? ते तिला तोंडपाठ होतं : 'सासू कायमची मुलीकडे. नवरा वेगळ्या खोलीत. कोणी कारण विचारत नाही. दुःख आतल्या आत.'

तिनं हर्षदला फोन लावला. "आई कुठे आहेत?"

"गेली की रिक्षानं रेवसला! लाँचनं मुंबईला, विनिताकडे. मी पण गादी मागच्या खोलीत हलवली. पण हेमा, माझं काय चुकलं गं?"

"अरे, मला एक फोन करून विचारायचं नाही?"

"कारण विचारायचं नाही असं तूच लिहिलंयस ना!"

हेमांगीनं स्कूटर काढली. पंधरा वर्षांत सासूबाईंनी एकदाही उलट उत्तर दिलं नव्हतं. आज निघून जातानाही दिलं नाही, हेच तिला सारखं टोचत होतं.

रेवसला ओहोटीनं लाँच अडकवून ठेवली होती. नीराबाई धक्क्यावर उन्हात बसल्या होत्या. पायाशी बोचकं, बोचक्यावर वरवंटा. कायमचं जायचं म्हणून!

"आई, घरी चला!"

"कायमची लिवलंस. तुझ्या लिवन्यात कवा खाडाखोड न्हाय बघितली."

"अहो, ती मालिकेतली सासू!"

"ती? दर भागात रडनारी?" नीराबाईंनी तिला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "मग वर तसं लिवायचं! पोरांचं गुन कापतेस ना त्यापायी?"

कापते. शीर्षक नसेल तर एक गुण.

येताना वरवंटा हेमांगीच्या पायांशी होता. प्रत्येक खड्ड्याला तो नडगीवर आदळे. मागच्या सीटवर नीराबाईंनी एकदाच पदर डोळ्यांना लावला. वाऱ्यानं कचरा गेला म्हणाल्या.

महिन्याभरानं दुसरा सीझन आला. अंदाज साफ चुकले! मालिकेतली सासू जागची हललीसुद्धा नाही. उलट तिची मुलगीच सामान घेऊन राहायला आली.

दुसऱ्या दिवशी सकाळी हेमांगी यादी लावायला गेली, तर चुंबकाखाली आधीच एक कागद होता. अक्षर नीराबाईंचं.

'शीरषक : आपलं घर. सासू कुटं जानार न्हाय. कारन इचारायचं न्हाय.'

हेमांगीनं सवयीनं लाल पेन उचललं. आणि गुपचूप परत ठेवलं.