दीक्षाची किल्ली आणि माझे गुणी विद्यार्थी

दहा वर्षांच्या मुलाला शिकवता येणार नाही असा विषय जगात नाही! मी आयुष्यभर गणित शिकवलं आहे, मंडळी. ऋण संख्या मी शाळेच्या जिन्यावर शिकवल्या. तळघरात उतरलं की उणे! नफा-तोटा तर इतका रंगवला की माझ्या वर्गाने मधल्या सुट्टीत बोरं विकून मुख्याध्यापकांना घाम फोडला होता.

म्हणूनच आमची लेक दीक्षा काय काम करते हे कुणाला कळत नाही, याचा मला मनस्वी त्रास व्हायचा. दीक्षा संगणकशास्त्रज्ञ आहे. सुरक्षित वितरित प्रणाली हा तिचा विषय. त्यात तिने डॉक्टरेट केली, परदेशात जाऊन निबंध वाचले. आणि नातेवाईक काय विचारतात? "म्हणजे कॉम्प्युटर दुरुस्ती का? मग आमचा प्रिंटर बघायला सांगा की, कागद अडकतोय!"

तिचं काम खरं तर सोपं आहे. एक मोठं गुपित एकाच यंत्रात ठेवलं तर ते यंत्र फोडलं की गुपित गेलं. म्हणून ते अनेक यंत्रांत वाटून ठेवायचं, म्हणजे एकट्याला फितवून चोराच्या हाती काहीच लागत नाही. मला हे एका बैठकीत समजलं. निदान समजलं असं वाटलं.

एका शनिवारी संध्याकाळी मी कर्वेनगरातल्या आमच्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये वर्ग भरवला. विद्यार्थी तीन : ऋतुजा, समर्थ आणि शेफाली. साहित्य एकच : निवृत्तीच्या समारंभात मला मिळालेली पोलादी पेटी. तिला चार चाकांचं आकडी कुलूप आहे. प्रत्येक मुलाने एकेक चाक आपल्या मनातल्या आकड्यावर लावायचं, बाकीच्यांनी पाठ फिरवायची.

"सर, तुम्हीपण पाठ फिरवा!" ऋतुजा म्हणाली. फिरवली. चौथं चाक मी लावलं. शिक्षक म्हणून आपलाही सहभाग नको?

मग कुलूप पक्कं केलं, चाकं भराभर फिरवून टाकली आणि मुलांना बजावलं, "आपला आकडा कुणालाही सांगायचा नाही. फोनवर तर नाहीच! चोर माझा आवाज काढेल, रडेल, चॉकलेट देतो म्हणेल. ऐकायचं नाही!"

पेटीत काय ठेवलं? शेंगदाणे ठेवले तर मुलांना गुपित वाटणार नाही. म्हणून जेवणाच्या टेबलावर पडलेला एक जुना पेन ड्राइव्ह ठेवला.

तो पेन ड्राइव्ह नव्हता, हे मला रविवारी सकाळी दहा वाजता कळलं.

"बाबा, माझी किल्ली कुठंय? इथं टेबलावर ठेवली होती. निळी, बोटाएवढी."

"किल्ली? आपल्याकडे निळी किल्ली कुठली?"

"लॅपटॉपची किल्ली, बाबा! ती लावल्याशिवाय लॅपटॉप उघडत नाही, मेल उघडत नाही, काहीच उघडत नाही!"

मी घड्याळाकडे पाहिलं. कारण बारा वाजता दीक्षाची ऑनलाइन मुलाखत होती. एका मोठ्या संशोधन संस्थेत पद, आणि तेही पुण्यातच! समितीतल्या सगळ्यांना जमणारा एकच दिवस म्हणून रविवार. भाषण त्या लॅपटॉपमध्ये, प्रात्यक्षिक त्या लॅपटॉपमध्ये. ही संधी गेली तर पोरगी पुन्हा परदेशी.

"दुसरी किल्ली असेल ना?" मी विचारलं.

"आहे. बँकेच्या लॉकरमध्ये. आज रविवार आहे."

मग मी सगळं सांगितलं. दीक्षा खुर्चीत बसली. आमची जया, म्हणजे दीक्षाची आई, स्वयंपाकघरातून बत्ता घेऊन आली.

"फोडा ती पेटी."

"आई, आत किल्लीचा चुरा होईल!"

"मग यांच्यासाठी असू दे," म्हणून जयाने बत्ता टेबलावर ठेवला.

"समितीला फोन करून वेळ मागू का?" मी म्हणालो.

"काय सांगणार? गुपितं सांभाळण्यातल्या तज्ज्ञाची किल्ली वडिलांनी खेळायला घेतली?"

"पण वाटणी अगदी तुझ्या पद्धतीने केली गं मी! चौघांत!"

"आणि उघडायला किती जण लागतात?"

"चारही."

"बाबा!" दीक्षाने कपाळ धरलं. "एक जण आजारी पडला, एक गावाला गेला, तरी उरलेल्यांना उघडता आलं पाहिजे. पाचांत वाटलं तर त्यांतले कुठलेही तीन पुरले पाहिजेत. माझं अख्खं करिअर एवढ्या एका गोष्टीवर उभं आहे!"

हा धडा तेवढा राहिला होता खरा.

ऋतुजा वरच्याच मजल्यावर राहते. ती दारातूनच म्हणाली, "सगळे जमले की कुलपापाशी येते. आधी नाही." समर्थ वडिलांबरोबर मार्केट यार्डात, आल्या-लसणाच्या गाळ्यावर गेला होता. त्याला फोन लावला.

"समर्थ, बाळा, तुझा आकडा सांग. मी सर बोलतोय."

"चोरपण असंच म्हणणार, असं सरांनी सांगितलंय."

"अरे, मीच सर आहे!"

"हेपण म्हणणार, असं सांगितलंय."

"व्हिडिओ कॉल करू का?"

"व्हिडिओ खोटा बनवता येतो. दीक्षाताई म्हणाली होती."

मी दीक्षाकडे पाहिलं. ती छताकडे पाहत होती. तेवढ्यात समर्थचे वडील सर्जेराव फोनवर आले. "सर, त्यो मलाबी सांगंना! दोन फटकं देऊ का?"

"नको, नको! मुलगा बरोबर वागतोय!" मी ओरडलो. काय करणार? असा विद्यार्थी वर्षानुवर्षं मिळत नाही!

शेफाली खडकीला मामाकडे होती. तिने तर माझा आवाज ऐकून नुसतंच "हं, चोर" म्हटलं आणि फोन ठेवला.

दीक्षा स्कूटर घेऊन मार्केट यार्डाकडे सुटली. मी रिक्षा पकडली. "खडकीला घ्या, लवकर! मुलीच्या आयुष्याचा प्रश्न आहे!"

"सिग्नलला ते कळत नाही, काका," रिक्षावाला म्हणाला.

खडकीला शेफालीने मला आधी नीट न्याहाळलं. गाल ओढून पाहिला. मग मामाच्या परवानगीने रिक्षात बसली, पण आकडा सांगेना. "कुलपापाशीच!" वाटेत दोनदा मी सहज विचारल्यासारखं केलं. तिने दोन्ही वेळा तोंडावर हात ठेवला.

घरी पोहोचलो तेव्हा बारा वाजायला आले होते. समर्थ अंगाला आल्याचा वास घेऊन हजर होता. ऋतुजा आली. आम्ही सगळ्यांनी, दीक्षा आणि जयासकट, भिंतीकडे तोंडं केली. मुलांनी एकेक करून आपापलं चाक लावलं. कुणी विसरलं नाही, कुणी अडखळलं नाही. माझा ऊर भरून आला.

"बाबा, आता तुमचा आकडा."

मी पुढे झालो. पेटीसमोर उभा राहिलो. उभाच राहिलो.

"बाबा?"

खरं सांगतो, मंडळी, आदल्या संध्याकाळी माझी पाळी आली तेव्हा मुलं मागे वळून बघत तर नाहीत ना, यावर लक्ष ठेवायच्या नादात मी चाक न बघताच फिरवलं होतं!

जया बत्त्याकडे बघू लागली.

"सर, दहाच तर आकडे आहेत," शेफाली समजुतीच्या सुरात म्हणाली, अगदी मी 'ढ' मुलांशी बोलतो तशी. तिने चाक फिरवायला घेतलं. सातावर पेटी उघडली.

दीक्षा थोडी उशिराच समितीसमोर बसली. आम्ही पाचही जण दाराला कान लावून उभे.

"उशीर का झाला?" एका बाईंचा करडा आवाज आला.

दीक्षाने घसा खाकरला आणि सगळं सांगून टाकलं. पेटी, चाकं, आलं, लसूण, सगळं! तिकडे आधी कुणीतरी खोकलं, मग हसण्याचा मोठा लोट आला. त्या बाईंनी विचारलं, "तुमच्या वडिलांवर विश्वास ठेवता येईल का?"

"माणूस म्हणून डोळे मिटून," दीक्षा म्हणाली. "यंत्रणेचा भाग म्हणून, अजिबात नाही."

मुलांनी माझ्याकडे सहानुभूतीने पाहिलं. समर्थने माझा हात धरला.

दीक्षाला ते पद मिळालं. तिथलं तिचं पहिलं व्याख्यान ऐकायला मी तिन्ही विद्यार्थ्यांना घेऊन गेलो. पडद्यावर चार गोल आले. तीन हिरवे. चौथा लाल, त्याला चष्मा आणि टक्कल. खाली लिहिलं होतं : 'बिघडलेला सदस्य. हेतू चांगला.'

मुलांनी टाळ्यांचा कडकडाट केला. मीही वाजवल्या. काय करणार? एवढ्या कमी शब्दांत, इतकं सोपं करून मलाही शिकवता आलं नसतं!