फिकट हिरवी पाहिजे

अकोल्यातील आमच्या समाजाच्या वधू-वर परिचय मेळाव्यात यंदा रंग, उंची व चेहरा यांवरून होणारा भेदभाव कायमचा बंद करण्यात आला. तसा ठरावच आहे. सचिव म्हणून त्यावर माझी सही आहे.

फॅशन सध्या परग्रहवासीयांची. अमरावतीच्या दुकानांत शालूवरचे ब्लाउजसुद्धा चंदेरी, टोकदार खांद्यांचे आले आहेत. तेव्हा अध्यक्ष पंजाबरावांनी सुचवले, की मेळावा मोबाइलवर घ्यावा आणि सर्व उपवर मुलामुलींनी परग्रहवासीयांच्या अवतारात यावे. अंग हिरवे, डोळे तीन, केस नाहीत. टाळ्या पडल्या.

सर्वांत जास्त आनंद वच्छलाबाईंना झाला. त्यांची मुलगी प्रणाली माती परीक्षण प्रयोगशाळेत नोकरीला. अकरा स्थळांनी पोहे खाऊन ‘कळवतो’ म्हटले होते आणि एकानेही कळवले नव्हते. “आई, हे शेवटचं. यानंतर मी कोणासमोर बसणार नाही,” असे तिने बजावले होते.

अडचण एकच निघाली. हिरव्या रंगाची छटा निवडायची सोय होती. पालकांनी ती फिकी केली. ते ऐकून दुसऱ्यांनी आणखी फिकी केली. मेळाव्याच्या दिवशी चारशे बारा उपवर पांढऱ्या पडद्यावर दिसेनातच. नुसते डोळे तरंगत होते, प्रत्येकी तीन. प्रणालीने मात्र आला तसा रंग राहू दिला.

साहजिकच मूर्तिजापूरच्या अश्विनला ती एकटीच दिसली. दोघे खारपाणपट्ट्यातल्या विहिरींवर तासभर बोलले. प्रणाली खळखळून हसत होती. पोरीला असे हसताना वच्छलाबाईंनी दोन वर्षांत पाहिले नव्हते. त्यांना रडू आले.

संध्याकाळी अश्विनच्या आईचा, बेबीताईंचा, मला फोन.

“पोरगी चांगली हाय जी, पण गडद हाय.”

“अहो, तो अवतार आहे. सगळेच हिरवे आहेत.”

“मंग बाकीच्या कुठी दिसल्या? हीच काहून दिसून राहिली?”

मुद्दा बिनतोड होता.

“अश्विन काय म्हणतो?”

“तो म्हणते, आई म्हणन तसं.”

नियमानुसार नकार नोंदवून मी प्रणालीला कळवले.

“कळवलं तरी तुमी, काका,” ती म्हणाली. “त्यायचा राग नाही आला मले. मी यावेळी आशा धरली, त्याचा आला.”

मला लाज वाटली. ठरावात लाजेची तरतूद नाही. पुढे अश्विनचे लग्न न दिसणाऱ्यांपैकी एकीशी ठरले.

हा अहवाल मी वार्षिक सभेत वाचला, तेव्हा सभागृह हळहळले. निषेधाचा ठराव एकमताने मंजूर झाला. मग चहाच्या वेळी एकेक जण मला बाजूला घेऊन हळूच विचारू लागला, “थे सगळं खरं, पण पोरगी असन किती काळी?”

काळी हा शब्द माझ्या अहवालात कुठेही नव्हता. वाटल्यास तुम्हीही पुन्हा वाचून पाहा. आणि मग सांगा, इथपर्यंत तुम्ही तिला कोणत्या रंगाची धरून चालला होतात?