गाडीतला म्हातारा

नागपंचमीला माहेरी आलेली गोजर होळी होऊन गेली तरी पुसेगावातच होती, आणि त्यात तिचा, तिच्या नवऱ्याचा किंवा सासूचा काडीचाही दोष नव्हता. दोष होता तो दोन व्याह्यांचा. सणाला लेक आणायची तर भावानं जायचं, एवढं दोघांनाही मान्य होतं. परत पोचवायचं कोणी, यावर गाडं अडलं होतं.

"ज्यांची सून, त्यांनी येऊन न्यावी," असं गोजरचे वडील उकंडराव म्हणत.

"ज्यांनी नेली, त्यांनी आणून सोडावी," असं सासरे तातेराव पानकनेरगावात बसून म्हणत. दोन्ही गावांच्या मधलं अंतर इतकं थोडं होतं, की सकाळी गाडी जुंपली तर न्याहारीला पोचावं. पण गाडी जुंपायची कोणी? दोघंही मानी, दोघांचीही बैलजोडी उत्तम, आणि दोन्ही जोड्या गोठ्यात उभ्या.

गोजरचा नवरा संतराम दर बाजाराला पुसेगावात येऊन बैलांच्या घुंगरमाळा बघत उभा राही. एकही विकत घेत नसे. विहिरीवरून येणारी गोजर दिसली, की घुंगरं बघणं संपे आणि तो परत जाई. सासऱ्याच्या दारात पाऊल टाकलं, तर बापानं घराबाहेर काढलं असतं.

"मी काय उसनं नेलेलं पातेलं हाय?" गोजर एकदा बापाला म्हणाली. "परत कोणी द्यायचं म्हणून भांडून राहिले!"

"तुला न्हाई कळायचं. इज्जतीची बात हाय," उकंडराव म्हणाले. इज्जतीची बात निघाली की त्यांच्या घरात चूलसुद्धा जपून पेटे.

अशात नन्नूमियाँचा फिरता सिनेमा बाजाराच्या माळावर तंबू ठोकून बसला. खेळ देवादिकांचा, असं त्यानं डफ वाजवून गावोगाव सांगितलं. उकंडरावांच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. व्याही सिनेमाच्या निमित्तानं का होईना, पुसेगावात आले, म्हणजे आले. मग गोजरला त्यांच्या गाडीत बसवली, की न्यायला आले होते असं सांगायला गाव मोकळं.

निरोप घेऊन गेला तांड्यावरचा रतनसिंग. गाड्या भाड्यानं हाकायचा त्याचा धंदा, आणि दोन्ही घरी त्याचा चहा ठरलेला. तातेरावांनी तो डाव एका घोटात ओळखला.

"येतो," ते म्हणाले. "पण सिनेमा पाह्यला येऊन राहिलो, सून न्यायला न्हाई. हे बराबर सांग त्यांना."

आणि ते आले. स्वतः, बायको द्वारकाबाई आणि संतराम. व्याह्याच्या घरचं पाणी पोटात गेलं, तर आपण त्यांच्याकडे आलो असं ठरेल, म्हणून पिण्याच्या पाण्याची घागरही घरूनच आणली होती. गाडी थेट तंबूशी लावली. उकंडरावांनी पुरणपोळीचं ताट तंबूत आणलं, तेव्हा तातेरावांनी आभाळाकडे बघत ढेकर दिला. उपाशीपोटी दिलेला तो ढेकर ऐकून द्वारकाबाईंना भारी राग आला, कारण भूक त्यांनाही लागली होती.

दिवेलागण होताच खेळ सुरू झाला. देवाचा खेळ म्हणून लोकांनी वहाणा बाहेर काढल्या होत्या, बायकांनी हळदीकुंकू आणलं होतं. पडद्यावर कपाळाला भस्माचे पट्टे ओढलेला, शेंडीवाला एक म्हातारा उगवला. लोकांनी हात जोडले. पुढच्या रांगेतल्या कोणीतरी नारळही फोडला. तोच म्हाताऱ्यानं एका बाईवर तोंड सोडलं, ते थांबेचना. त्यातला एक शब्द कोणाला कळेल तर शपथ.

नन्नूमियाँ घामाघूम होऊन उकंडरावांकडे आला. "पेटी बदल गई हजरत! वाटेत कुठंतरी हमारा डब्बा मद्रास को गया, और मद्रास का इधर आया. इसमें भगवान-बिगवान कोई नै. घर का झगडा है पूरा. खेल बंद करना पडेंगा."

उकंडरावांनी तातेरावांकडे पाहिलं. ते आपली घागर उचलायच्या बेतातच होते. खेळ बंद म्हणजे व्याही परत, आणि गोजर पुढच्या नागपंचमीपर्यंत इथंच.

"बंद केला, तं तंबूचे खुंटे उपटीन," उकंडराव म्हणाले. "चालू दे. समजावून सांगायला माणूस देतो. रतनसिंग!"

रतनसिंग दचकला. त्याच्या आज्याचा बैलांचा तांडा मीठ आणायला थेट मद्रासपर्यंत जात असे, आणि त्यामुळे आपल्याला मद्राशी येते, असं तो कैक वर्षं पारावर सांगत आला होता. आतापर्यंत ते खपून गेलं होतं, कारण पारावर मद्राशी माणूस कधी फिरकला नव्हता. आता मागे हटायचं, तर आज्यासकट सगळे खोटे पडणार. तो खाकरला आणि पडद्याशेजारी जाऊन उभा राहिला.

"ही सून हाय," त्यानं सुरुवात केली. "आन ही सासू. दोघी रडून राहिल्या, कारण... म्हातारा मेला."

इतपत बरोबर होतं. तोंड सोडणारा म्हातारा तोवर खरंच तिरडीवर पडला होता. पण डब्यांवरचे आकडे नन्नूमियाँला वाचता येत नव्हते. हाती लागेल तो डबा तो यंत्रावर चढवत होता, आणि दुसऱ्या डब्यात तोच म्हातारा केळीच्या पानावर भात ओरपत बसला होता.

"काहो रतनसिंग," तातेरावांनी विचारलं, "आत्ता तं जाळला ना ह्याला?"

"हा जुळा भाऊ," रतनसिंग घाम पुसत म्हणाला. "तेराव्याला आलाय."

"मग ही मघाची विधवा ह्याला हसून काहून वाढून राहिली?" बायकांच्या बाजूनं, मधल्या कनातीआडून, द्वारकाबाईंचा आवाज आला.

"तिकडं... तसं चालतं."

बायकांत खळबळ उडाली. तिसऱ्या डब्यात सुनेचं लग्नच लागलं, तेव्हा तर रतनसिंगनं डोळेच मिटून घेतले. पण गडी हटला नाही. लग्न दुसऱ्या सुनेचं, ती पहिलीची धाकटी बहीण, आणि मेलेला म्हातारा आला आहे तो आशीर्वाद द्यायला, असं त्यानं ठणकावून सांगितलं. कनातीआड गोजर सासूशेजारी येऊन बसली होती.

"आत्याबाई, हे डबे उलटेपालटे लावले," ती हळूच म्हणाली. "लगीन आधी, भात मग, मरण शेवटी."

"मलाबी तेच वाटून राहिलं," द्वारकाबाई म्हणाल्या. "आन ती सासू वाईट न्हाई गं. नवऱ्यापुढं तिचं काही चालत न्हाई. तिकडं मद्रासला बसून हे चित्र काढणाराला आपल्या घरची भानगड कोणी सांगितली असंल?"

मग चौथा डबा लागला. पडद्यावर एक बैलगाडी निघाली. गाडीत डोळे पुसत बसलेली सून आणि मोठ्या मिशांचा एक नवाच म्हातारा. गाडी एका घरापाशी थांबली, दारात रांगोळी होती, सासू ओवाळायचं ताट घेऊन धावत आली. आणि सुनेनं उंबऱ्यावर पाय ठेवला, तोच डबा संपला.

मग तातेराव उठून उभे राहिले.

"पाह्यलं का उकंडराव? बापानं स्वतः आणून सोडली! मद्रासातबी हीच रीत हाय."

"बाप?" उकंडरावही उठले. "अहो, तो सासरा हाय. सून न्यायला गेलता. मिशा पाहा त्याच्या!"

"मिशा तुमालाबी हायेत!"

"तुमालाबी हायेत!"

तंबूचे दोन तट पडले. पानकनेरगावचे चार-दोन पाहुणे तातेरावांच्या बाजूला, पुसेगाव उकंडरावांच्या. नन्नूमियाँ पुढचा डबा लावायला धजेना.

"रतनसिंग," उकंडराव गरजले, "तुला भाषा येते. सांग, गाडीतला म्हातारा कोण? बाप का सासरा?"

"बराबर सांग," तातेरावांनी दम भरला. "उद्या आमच्या गावातबी तुझ्या गाड्या हाकायच्या हायेत."

रतनसिंगनं उकंडरावांकडे पाहिलं, तातेरावांकडे पाहिलं. बाप म्हणावं तर पुसेगावचं भाडं बंद, सासरा म्हणावं तर पानकनेरगावचं. आणि कनातीच्या फटीतून गोजर त्याच्याकडेच बघत होती. आठ महिने ही पोर कोणाच्या तरी गाडीची वाट बघत होती.

"दोघांपैकी कोणीच न्हाई," तो म्हणाला. "तो वाटसरू हाय. त्याची गाडी तिकडंच चालली व्हती. पोरगी म्हणली, मलाबी घ्या. त्यानं घेतली."

"म्हंजे बापानं सोडली न्हाई?" तातेरावांनी विचारलं.

"न्हाई."

"आन सासऱ्यानं नेली न्हाई?" उकंडरावांनी खात्री करून घेतली.

"न्हाई म्हणलं ना!"

दोघंही विचारात पडले. कोणी जिंकलं नव्हतं, पण कोणी हरलंही नव्हतं. दोघंही एकाच वेळी खाली बसले, कारण जो आधी बसला असता, तो हरला असं दिसलं असतं.

गोजर मात्र उभी राहिली. कनात बाजूला सारून ती भर तंबूत रतनसिंगपुढे आली.

"काका, तुमची गाडी कोणीकडं चालली?"

"तांड्यावर," रतनसिंग बोलून गेला.

"तांडा पानकनेरगावच्या वाटेवरच हाय ना?"

तांडा बरोबर उलट्या दिशेला होता, हे तिथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. सगळा तंबू त्याच्याकडे बघत होता.

"हाय," तो म्हणाला. "वाटेवरच हाय."

"मग मलाबी घ्या."

उकंडरावांनी 'अगं' म्हणेपर्यंत ती बाहेर पडली होती. तिच्यामागून द्वारकाबाई पदर खोचून निघाल्या. "मी सून न्यायला आलेली न्हाई," त्यांनी दारातून सगळ्यांना ऐकवलं. "मला तिकडंच जायचं हाय, आन ती कोणत्याबी गाडीत बसली, तं मी काय करू?" रतनसिंगची गाडी हलली. संतरामनं इकडंतिकडं पाहिलं, घरची गाडी जुंपली आणि तो त्या गाडीमागं असा सुसाट सुटला, की बैलांनाही नवल वाटलं असेल.

तंबूतला गलका शमल्यावर तातेराव घागर घेऊन बाहेर आले. गाडी नव्हती. बायको नव्हती. मुलगा नव्हता.

"आता?" ते म्हणाले.

"आता जेवून घ्या," उकंडराव म्हणाले. त्यांच्या आवाजात इतका आनंद होता, की तो त्यांना लपवता आला नाही. घागर रिकामी झाली होती. तातेराव गुपचूप उकंडरावांच्या ओसरीवर गेले, पाणी प्याले, आणि गार झालेल्या पुरणपोळ्या त्यांनी अशा खाल्ल्या, की वाढणारी थकली.

दुसऱ्या दिवशी कोणी न्यायला आलं नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. चालत जाणं तातेरावांच्या इभ्रतीत बसत नव्हतं, आणि उकंडराव गाडी काही जुंपेनात. "माणूस तुमच्या घरचा. घरच्यांनी येऊन न्यावा," ते पानाला चुना लावत म्हणत.

चौथ्या दिवशी रतनसिंग पानकनेरगावाहून निरोप घेऊन आला. तातेरावांनी धोतर झटकलं. "गाडी कधी येऊन राहिली?"

"गाडी येत न्हाई," रतनसिंग जमिनीकडे बघत म्हणाला. "सांगितलंय, ज्यांनी बोलावून नेलं, त्यांनी आणून सोडावं. तोवर तिकडून कोणी हलायचं न्हाई."

"द्वारका असं म्हणली?" तातेराव पुन्हा खाली टेकले.

"त्या काहीच न्हाई बोलल्या. त्या नुस्त्या हसून राहिल्या व्हत्या." रतनसिंगनं उकंडरावांकडे चोरून पाहिलं. "हे तुमच्या गोजरनं सांगितलंय."

मग उकंडरावांनी पानाचा डबा व्याह्यापुढे सरकवला, आणि खेळाच्या निमित्तानं तरी तिकडची गाडी पुन्हा इकडं येईल म्हणून, माळावर नन्नूमियाँचा तंबू अजून आहे का, ते बघायला रतनसिंगला पाठवलं.