सात अंगठे, शंभर दाणे

सात अंगठे. मिठाईचं खोकं. रखमाजीची निळी बादली. ओल्या कागदावर मक्याचे शंभर दाणे.

बदनापूरजवळच्या एका बियाणे कंपनीत व्यवस्थापक राधेश्याम यांनी ऑफिसचा मेसेज ग्रुप सुरू केला. नियम एकच: निरोप दिसला की अंगठा द्यायचा. ज्याचा अंगठा नाही, त्याला चहाच्या वेळी सगळ्यांसमोर विचारणा. आठवड्यात सगळे पटाईत झाले. शिपाई रखमाजी तर न वाचताच अंगठा देऊ लागला.

शुक्रवारी प्रयोगशाळेतल्या नाहिदने लिहिलं, बहिणीच्या मंगनीसाठी अंबडला चालले आहे. सोमवारी मक्याच्या उगवणीचा अहवाल द्यायचाय, तर शनिवार-रविवार दाण्यांवर थोडं पाणी कोण शिंपडेल? या अहवालावर तिची नोकरी कायम होणार होती.

सात अंगठे आले. प्रत्येकाने बाकीचे सहा मोजले आणि तो निर्धास्त झाला.

रविवारी दुपारी तिने ग्रुपवर विचारलं, पाणी घातलं का? पुन्हा सात अंगठे. मग तिने राधेश्यामना फोन लावला.

"सात अंगठे हायेत की, ताई. आता काय स्टँपपेपरवर लिहून देऊ?"

"अंगठा कुणाचा ते दिसून राह्यलं, सर. पाणी कुणाचं ते दिसंना."

राधेश्याम अस्वस्थ झाले. गुपचूप ऑफिसात जाऊन त्यांनी तांब्याभर पाणी घातलं. ग्रुपवर लिहिलं नाही. आधीचा अंगठा खोटा ठरला असता. तासाभराने हिशेबातली बेबीनंदा बाटली घेऊन आली. तिनेही लिहिलं नाही. तिच्यामागे एकेक करून चौघं येऊन गेले. संध्याकाळी रखमाजीने निरोप पहिल्यांदा वाचला आणि बादली उचलली.

सोमवारी ट्रेमध्ये दाणे तरंगत होते.

"येकानंबी सांगितलं न्हाई?" नाहिदने विचारलं.

"सांगणार कसं, बाई?" बेबीनंदा म्हणाली. "अंगठा देऊन बसलो व्हतो ना."

अकराला नाहिदने राधेश्यामच्या टेबलावर अहवाल ठेवला. उगवण ब्याण्णव टक्के. राधेश्यामनी अहवाल पाहिला, दारातून ट्रे पाहिला, पुन्हा अहवाल पाहिला.

"मंग हे उगवले कुठं?" रखमाजीने विचारलं.

शुक्रवारी अंबडच्या बसमध्ये नाहिदच्या मांडीवरच्या मिठाईच्या खोक्यात मिठाई नव्हती. ओल्या कागदात त्याच मक्याचे दुसरे शंभर दाणे होते.