भागीच्या सुपातली गोगलगाय

नवसू शिंकला तो नेमका सुपाशेजारी, आणि त्या एका शिंकेपायी भागीची पेरणी अडली.

झालं असं, की जव्हारच्या एका शिक्षकांची मुलगी रोशनी आठ दिवसांपासून दाभोशात भागीच्या घरी मुक्कामाला होती. गोगलगाईंचा अभ्यास करत होती. रोज कड्यावर चढायची, दगडांना नाक लावून बसायची. आठव्या दिवशी तिला एक सापडली. नाचणीच्या दाण्याएवढी, रंगही तोच, उन्हाळा म्हणून शंखाचं दार लावून गप्प बसलेली. अख्ख्या जगात फक्त ह्याच कड्यावर असते म्हणे. ती दाखवायला रोशनी डबी उघडून ओट्यावर आली. भागी तिथेच बियाण्याची नाचणी पाखडत होती. तिचा नवरा नवसू तंबाखू मळता मळता डबीवर वाकला, आणि शिंकला. गोगलगाय उडाली ती थेट सुपात.

"मावशी, सूप हलवू नका," रोशनी रडवेली होऊन म्हणाली.

पाखडणाऱ्या बाईला सांगायचं काय, तर सूप हलवू नको. भागीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. रोपाच्या जागेवर पालापाचोळा जाळून कालच राब भाजला होता. ती राख वाऱ्याने उडायच्या आत बी पडायला हवं. राख गेली तर रोप नाही, आणि रोप नाही तर वर्षभर भाकरी नाही. सुपात होतं ते सगळं बी.

रोशनीने शहरातल्या आपल्या मार्गदर्शक सरांना फोन लावला. गोगलगाय सापडेपर्यंत एकही दाणा घराबाहेर जाता कामा नये, असं सरांनी बजावलं. तेव्हा नवसूने डोकं खाजवत सांगितलं, की मघाच्या गोंधळात शेजारचा सखा येऊन बियाण्याला सुपातली ओंजळभर नाचणी घेऊन गेला. रोशनी धावली. सखा बांधावर पोचला होता. तिने त्याला बियाण्यासकट परत आणलं.

"दिलेलं बी मागं घेनारी बाई आजच पाह्यली," सखा म्हणाला, आणि ओट्यावर ठाण मांडून बसला.

भागीच्या जिव्हारी लागलं. आजवर तिने कुणाला बियाण्याला नाही म्हटलं नव्हतं, आणि आज एका किड्यापायी हे ऐकून घ्यायचं? तिकडे रोशनी भिंग लावून एकेक दाणा निवडत होती. दुपार कलली तरी दोनच मुठी झाल्या होत्या. वारा सुटायला लागला. भागीने विचारायला लावलं, तर सर म्हणाले, उद्यापर्यंत धीर धरा.

"उद्या राख काय तुझे सर घेऊन येनार?" भागी म्हणाली आणि तणतणत पाणी प्यायला आत गेली.

हंडे ठेवायच्या दगडाला बारा महिने ओल असे. पाणी घेताना तिची नजर दगडाच्या बुडाशी गेली. शेवाळात ते नेहमीचे दाणे सरकत होते. रोज सकाळी झाडून टाकायची ती घाण. आज ती वाकून बघायला लागली. प्रत्येक दाण्याच्या पाठीवर घर होतं. पन्नास तरी असतील.

हाक मारायला तिने तोंड उघडलं, आणि मिटलं. एक सुपात पडली तर पेरणी बंद झाली. ह्या पन्नास कळल्या तर हे लोक घरातलं पाणी बंद करतील.

तिने एक बोटावर घेतली, बाहेर आली आणि हळूच सुपाच्या कडेला सोडली.

"बाय, ही बघ."

रोशनीने भिंग लावलं. "हीच, मावशी! जागीसुद्धा झाली." तिने भागीला मिठीच मारली. सखाला एका ओंजळीच्या जागी दोन ओंजळी मिळाल्या, आणि दिवस मावळायच्या आत बी राखेत पडलं. पहिली गोगलगाय बहुधा त्यातच गेली.

दुसऱ्या दिवशी जीपमध्ये बसण्याआधी रोशनीने वही वाचून दाखवली. जगात फक्त दाभोशाच्या कड्यावर, दुसरीकडे कुठेही नाही.

"नायच मिलनार," भागी म्हणाली.

मग तिने खराटा घेऊन सगळं घर झाडलं. पाण्याच्या दगडापाशी थबकली, स्वतःवरच चिडली, आणि तेवढा कोपरा सोडून मागे फिरली. नवसू तंबाखू मळत पाणी प्यायला आत येत होता.

"तितं शिंकायचं नाय," तिने त्याला दरडावलं.